क्यूबाचा इतिहास १८९८ मध्ये सुरू होत नाही : मराठी पाठ्यपुस्तककारांना खुले पत्र

प्रति,
जागतिक इतिहासाची मराठी पाठ्यपुस्तके, संदर्भग्रंथ आणि स्पर्धा परीक्षांची मार्गदर्शके लिहिणाऱ्या व संपादित करणाऱ्या मान्यवरांस,

सविनय नमस्कार.

‘१८९८च्या स्पॅनिश-अमेरिकन युद्धात स्पेनचा पराभव करून अमेरिकेने क्यूबाला स्वातंत्र्य मिळवून दिले.’ इतिहासाची शिक्षिका म्हणून नोकरीच्या पहिल्या अकरा वर्षांत हे वाक्य मी दरवर्षी फळ्यावर लिहिले आणि माझ्या विद्यार्थ्यांनी ते वहीत उतरवून घेतले. ते मी आपल्याच पुस्तकांतून घेतले होते. पुढे वाचन वाढले, स्पॅनिश भाषा थोडीफार शिकले आणि या एका वाक्याखाली तीस वर्षांचा लढा, लाखाहून अधिक माणसांचे मृत्यू आणि एका संपूर्ण लोकसमूहाचे कर्तृत्व गाडले गेले आहे, हे ज्या दिवशी ध्यानात आले, त्या दिवसापासून मी ते लिहिणे थांबवले. पुस्तकांत मात्र ते तसेच राहिले.

गेल्या सहा वर्षांत या वाक्याविषयी मी तीन प्रकाशकांना पत्रे पाठवली. दोघांकडून उत्तर आले नाही. तिसऱ्यांनी कळवले की, मजकूर ‘प्रचलित संदर्भसाहित्याशी सुसंगत’ असल्यामुळे बदलाची आवश्यकता वाटत नाही. यंदा त्या पुस्तकाची सुधारित आवृत्ती निघाली. मुखपृष्ठ नवे आहे, नकाशे रंगीत झाले आहेत, आणि ते वाक्य जिथल्या तिथे आहे. खासगी पत्रांचा मार्ग संपल्यामुळे हे पत्र सर्वांसमोर लिहीत आहे.

क्यूबाशी माझा काय संबंध, असे कुणी विचारील. मी शिकवत होते ते गाव बीड जिल्ह्यातले. दिवाळी झाली की निम्मा वर्ग रिकामा होई, कारण मुले आईवडिलांबरोबर ऊसतोडणीला जात. आमच्याकडे तोडणीला जाणाऱ्या नवरा-बायकोच्या जोडीलाच ‘कोयता’ म्हणतात. मुकादमाची उचल कोयत्यामागे ठरते आणि टोळीही कोयत्यांवरच मोजली जाते. एका वर्षी क्यूबा हे उसाचे बेट होते असे सांगत असताना, फडावरून नुकत्याच परतलेल्या एका मुलीने विचारले, ‘बाई, अमेरिका लढत होती तेव्हा तिथले ऊस तोडणारे काय करत होते?’ मला उत्तर देता आले नाही. ते शोधायला निघाले तेव्हा कळले, की ऊस तोडणारे अमेरिकेच्या तीस वर्षे आधीपासून लढत होते, आणि बंदुका पुरेशा नसल्यामुळे त्यांच्या हातातले शस्त्र ‘माचेते’ म्हणजे उसाचा लांब कोयताच होता.

त्यानंतर मी वर्गात खरे काय ते शिकवू लागले आणि त्याची किंमत माझ्या एका विद्यार्थ्याने मोजली. एका सराव परीक्षेत ‘क्यूबाला स्वातंत्र्य कोणामुळे मिळाले?’ या प्रश्नाला त्याने क्यूबाच्या मुक्तिसेनेचे नाव लिहिले आणि त्याचे गुण कापले गेले. उत्तरतालिकेत ‘अमेरिका’ असे छापलेले होते. तो माझ्याकडे आला आणि पुढच्या वेळी कोणते उत्तर लिहू, असे त्याने विचारले. शिक्षकाच्या वाट्याला यापेक्षा अवघड प्रश्न येत नाही. त्या मुलापुढे मला ज्यांनी उभे केले, त्यांना माझे म्हणणे ऐकावे लागेल.

माझी पहिली तक्रार आरंभबिंदूविषयी आहे. आपल्या पुस्तकांत क्यूबा प्रथम येते ते १५ फेब्रुवारी १८९८ रोजी, हवानाच्या बंदरात ‘मेन’ ही अमेरिकी युद्धनौका स्फोटात बुडते तेव्हा. त्याआधी जणू तिथे काही घडलेच नव्हते. वास्तविक ही कथा १० ऑक्टोबर १८६८ रोजी सुरू होते. त्या दिवशी पूर्व क्यूबात मान्सानियोजवळच्या ‘ला देमाहागुआ’ या साखर कारखान्याचे मालक, वकील कार्लोस मानुएल दे सेस्पेदेस यांनी कारखान्याची घंटा वाजवून आपल्या गुलामांना गोळा केले, त्यांना मुक्त केल्याचे जाहीर केले आणि स्पेनविरुद्धच्या युद्धात सामील होण्याचे आवाहन केले. जी घंटा रोज पहाटे गुलामांना फडावर पाठवण्यासाठी वाजत असे, तिच्याच ठोक्यावर क्यूबाचे पहिले स्वातंत्र्ययुद्ध सुरू झाले. क्यूबात आजही ती घंटा जपून ठेवलेली आहे.

हे युद्ध का पेटले, हेही विद्यार्थ्याला कळले पाहिजे. त्या काळात क्यूबा हा जगातील सर्वांत मोठा ऊससाखर उत्पादक प्रदेश होता आणि तो वैभवाचा डोलारा साडेतीन लाखांहून अधिक आफ्रिकी वंशाच्या गुलामांच्या श्रमावर उभा होता; १८४७ पासून करारावर आणलेल्या सुमारे सव्वा लाख चिनी मजुरांची स्थितीही गुलामांहून फारशी वेगळी नव्हती. सत्ता, वरच्या नोकऱ्या आणि जकात स्पेनमधून आलेल्यांच्या हाती होती. १८३७ पासून माद्रिदच्या संसदेत क्यूबाला प्रतिनिधीच नव्हते. सुधारणांच्या वाटाघाटी फसल्या आणि १८६७ मध्ये उलट नवा प्रत्यक्ष कर लादला गेला, तेव्हा पूर्वेकडच्या तुलनेने गरीब जमीनदारांचा संयम संपला. ज्यांना दादाभाईंचा संपत्तीच्या अपहाराचा सिद्धांत शिकवला जातो, त्या आपल्या विद्यार्थ्यांना ही कारणे समजायला कितीसा वेळ लागेल?

सेस्पेदेस यांचे चित्र मला निर्दोष रंगवायचे नाही. आपल्या गुलामांना त्यांनी त्याच दिवशी मुक्त केले, पण बेटावरील गुलामगिरीच्या सरसकट उच्चाटनाबाबत बंडाचे नेते सुरुवातीला चाचरत होते, कारण पश्चिमेकडील धनाढ्य साखरसम्राटांना त्यांना दुखवायचे नव्हते. १० एप्रिल १८६९ रोजी ग्वाइमारो येथे बंडखोरांनी राज्यघटना संमत केली आणि तीत प्रजासत्ताकाचे सर्व रहिवासी पूर्णतः मुक्त आहेत असे कलम घातले. तरीही मुक्त झालेल्यांवर सक्तीच्या कामाचे नियम काही काळ राहिले. त्याच ग्वाइमारोत आना बेतान्कुर्त या स्त्रीने गुलामांच्या मुक्तीबरोबर स्त्रियांच्याही मुक्तीची मागणी मांडली. १८६९ हे वर्ष लक्षात घेतले, तर या घटनेला आपल्या पुस्तकांत एखादी ओळही मिळू नये याचे मला दुःख वाटते.

हे पहिले युद्ध दहा वर्षे चालले. बायामो हे गाव राखता येईना, तेव्हा जानेवारी १८६९ मध्ये रहिवाशांनी ते स्वतःच्या हाताने जाळले आणि राख शत्रूच्या स्वाधीन केली. नोव्हेंबर १८७१ मध्ये हवानात वैद्यकीय शाखेच्या आठ विद्यार्थ्यांना एका स्पॅनिश पत्रकाराच्या थडग्याची विटंबना केल्याच्या खोट्या आरोपावरून गोळ्या घालण्यात आल्या. सेस्पेदेस यांचा मुलगा स्पॅनिशांच्या हाती सापडला आणि शरण आलात तर मुलगा वाचेल, असा निरोप त्यांना मिळाला. त्यांनी नकार दिला आणि मुलाला गोळी घालण्यात आली. क्यूबन लोक सेस्पेदेस यांना राष्ट्रपिता मानतात ते या नकारामुळे. पुढे त्यांच्याच सहकाऱ्यांनी त्यांना अध्यक्षपदावरून दूर केले आणि १८७४ मध्ये डोंगरात जवळपास एकटे असताना स्पॅनिश तुकडीने त्यांना ठार केले.

दुसरी तक्रार १८७८ विषयी. जिथे हे दशवार्षिक युद्ध चुकून नोंदवले जाते, तिथे ‘ते अपयशी ठरले’ एवढेच लिहिले जाते. १० फेब्रुवारी १८७८ रोजी थकलेल्या नेत्यांनी सान्होन येथे तह केला, हे खरे आहे. या तहात स्वातंत्र्य नव्हते आणि गुलामगिरीचा अंतही नव्हता. बंडखोर सेनेत लढलेल्या गुलामांना तेवढी मुक्ती देण्यात आली. त्यानंतर पाच आठवड्यांनी, १५ मार्चला, बारागुआ येथील आंब्याच्या झाडांखाली स्पेनचे सरसेनापती मार्तीनेस काम्पोस यांच्यासमोर एक बत्तीस वर्षांचा कृष्णवर्णीय सेनानी बसला आणि स्वातंत्र्य व गुलामगिरीचे उच्चाटन यांवाचूनचा तह आम्हांला मान्य नाही, असे त्याने तोंडावर सांगितले. त्याचे नाव आंतोनियो मासेओ. ज्या बेटावर त्याच्या रंगाची माणसे बाजारात विकली जात होती, तिथे साम्राज्याच्या सर्वोच्च सेनापतीशी तो बरोबरीने बोलत होता. युद्ध त्यानंतर काही आठवडेच टिकले. परंतु मागणी काय आहे ते बारागुआने कायमचे ठरवून टाकले. गुलामगिरीचा कायदेशीर शेवट स्पेनला १८८६ मध्ये करावा लागला, आणि ‘लढलेला गुलाम मुक्त व न लढलेला गुलामच’ ही सान्होनच्या तहाने निर्माण केलेली विसंगती हे त्यामागचे एक कारण होते. अशा युद्धाला अपयशी म्हणून मोकळे होता येत नाही.

मासेओंच्या घराविषयी दोन वाक्ये लिहिल्यावाचून मला पुढे जाता येत नाही. आई मारियाना ग्राहालेस यांनी पती आणि मुले युद्धावर पाठवली, स्वतः रानातल्या रुग्णतळांवर जखमींची शुश्रूषा केली आणि एकामागून एक मृत्यू पचवून अखेर जमैकातील निर्वासनात देह ठेवला. जिजाऊंवर धडा लिहिताना आपली लेखणी जशी उत्साहाने चालते, तशी या माउलीच्या एका ओळीसाठी तरी चालावी.

तिसरी तक्रार होसे मार्ती यांच्याविषयी. आपल्या काही पुस्तकांत ते येतात, पण चौकटीतल्या बारीक अक्षरांत ‘क्यूबाचे राष्ट्रकवी’ म्हणून. कवी ते होतेच. त्याखेरीज आपल्या काळातील अत्यंत कसबी राजकीय संघटक होते, आणि नेमके हेच वगळले जाते. २८ जानेवारी १८५३ रोजी हवानात स्पॅनिश मातापित्यांच्या पोटी जन्मलेल्या या मुलाला एका पत्रावरून राजद्रोहाचा ठपका ठेवून सहा वर्षांच्या सक्तमजुरीची शिक्षा झाली, तेव्हा तो सतरा वर्षांचा होता. पायात बेडी घालून चुनखडीच्या खाणीत त्याला राबवण्यात आले. त्या बेडीच्या जखमा जन्मभर त्रास देत राहिल्या. स्पेनला हद्दपारी झाली. पुढची वर्षे मेक्सिको, ग्वातेमाला आणि १८८० पासून मुख्यतः न्यूयॉर्क येथे गेली. १८९२ मध्ये त्यांनी क्यूबन क्रांतिकारी पक्ष स्थापन केला आणि त्याच वर्षी ‘पात्रिया’ हे वृत्तपत्र सुरू केले.

या पक्षाचा पैसा कुठून येत होता? फ्लोरिडातील टॅम्पा आणि की वेस्ट येथील चिरूट कारखान्यांतून. तिथले क्यूबन कामगार तंबाखूची पाने वळत असताना एक वाचक उंच जागी बसून त्यांना वर्तमानपत्रे आणि कादंबऱ्या मोठ्याने वाचून दाखवी, आणि त्याचे वेतन कामगार स्वतः वर्गणी काढून देत. त्याच कामगारांनी आपल्या मजुरीतला वाटा नियमाने युद्धनिधीला दिला. जानेवारी १८९५ मध्ये फ्लोरिडाच्या फर्नांडिना बंदरात तीन जहाजांची गुप्त मोहीम अमेरिकी अधिकाऱ्यांनी उघडकीस आणून जप्त केली, तेव्हा त्या मजुरांच्या घामाचा पैसा बुडाला. तरीही २४ फेब्रुवारी १८९५ रोजी उठाव झाला. ज्या देशाने क्यूबाला ‘स्वातंत्र्य मिळवून दिले’ असे आपण छापता, त्याच देशाच्या यंत्रणेने तीन वर्षांपूर्वी क्यूबाच्या स्वातंत्र्याची शस्त्रे जप्त केली होती. ही दोन्ही वाक्ये एका पानावर ठेवून पाहावीत, अशी माझी विनंती आहे.

एप्रिल १८९५ मध्ये मार्ती आणि मूळचे डोमिनिकन असलेले वृद्ध सेनापती माक्सिमो गोमेस रात्रीच्या वादळात एका छोट्या होडीतून पूर्व किनाऱ्यावर उतरले. १९ मे रोजी दोस रिओस येथील चकमकीत मार्ती पडले. आदल्या दिवशी त्यांनी मेक्सिकोतील मित्र मानुएल मेर्कादो यांना लिहायला घेतलेले पत्र अपुरे राहिले. अमेरिकेने कॅरिबियन समुद्रातील अँटिलीस बेटांवर पसरून त्या बळासह लॅटिन अमेरिकेतील इतर भूमींवर कोसळू नये, म्हणून क्यूबाच्या स्वातंत्र्याद्वारे तिला वेळीच रोखणे हेच आजवरच्या आपल्या सर्व कामाचे प्रयोजन होते, असे त्यांनी त्यात लिहिले आहे. म्हणजे ज्या हस्तक्षेपाला आपण मुक्ती म्हणता, त्याची चाहूल तीन वर्षे आधी लागलेला माणूस तो हस्तक्षेप टळावा म्हणून मरण पत्करत होता. हे पत्र वगळून मार्तींना केवळ कवी म्हणणे हा त्यांच्यावर अन्याय आहे.

चौथी तक्रार युद्धाच्या प्रत्यक्ष वाटचालीविषयी. २२ ऑक्टोबर १८९५ रोजी मासेओ त्याच बारागुआहून निघाले आणि स्पेनने उभारलेली तटबंदीची रेषा ओलांडून, बेटाची जवळपास संपूर्ण लांबी पायी आणि घोड्यावर तुडवत, बरोबर तीन महिन्यांनी २२ जानेवारी १८९६ रोजी पश्चिम टोकाजवळच्या मांतुआला पोहोचले. गोमेस यांचे धोरण स्पष्ट होते. स्पेनचा महसूल साखरेतून येतो, म्हणून उसाचे फड आणि कारखाने जाळायचे. ज्या उसाने आपल्याला गुलाम केले तोच पेटवून देणाऱ्या या सैन्याला ‘माम्बी’ म्हणत. ते अनवाणी, अर्धपोटी आणि बहुसंख्येने कृष्णवर्णीय किंवा मिश्रवंशीय होते. त्यांच्याविरुद्ध स्पेनने सुमारे दोन लाख सैनिक समुद्रापार पाठवले. या स्पॅनिश सैनिकांचीही दया येते, कारण पैसे भरून सक्तीच्या भरतीतून सुटका घेण्याची सोय असल्यामुळे श्रीमंतांची मुले घरी राहिली आणि गरिबांची मुले पीतज्वराने मेली. तो पीतज्वर डासांमुळे पसरतो, हे हवानाच्याच डॉ. कार्लोस फिनले यांनी १८८१ मध्ये मांडले होते आणि कुणी ऐकले नव्हते. ७ डिसेंबर १८९६ रोजी हवानाजवळ सान पेद्रो येथे मासेओ पडले. त्यांच्या देहाजवळ धावून गेलेला गोमेस यांचा तरुण मुलगा पान्चितो तिथेच मारला गेला. एवढे होऊनही १८९७ मध्ये विरोधी पक्षात असलेले स्पेनचे नेते सागास्ता यांना कबूल करावे लागले, की दोन लाख माणसे पाठवून आणि इतके रक्त सांडूनही आपले सैनिक ज्या जमिनीवर उभे आहेत, तेवढीच आपल्या ताब्यात आहे. अमेरिकेने युद्ध पुकारण्याच्या आधीची ही स्थिती आहे.

पाचवी तक्रार मला सर्वांत जास्त अस्वस्थ करते. फेब्रुवारी १८९६ मध्ये स्पेनचे सेनापती वालेरियानो वेयलर क्यूबात आले आणि त्यांनी ‘रेकोन्सेन्त्रासिओन’चे, म्हणजे लोकांना सक्तीने एकत्र कोंडण्याचे, फर्मान काढले. खेड्यापाड्यांतील लोकांनी आठ दिवसांत तटबंदीच्या गावांत यायचे. बाहेर सापडेल तो बंडखोर समजला जाईल. मागे राहिलेली घरे आणि पिके नष्ट करण्यात आली, गुरे हाकून नेण्यात आली. आत कोंडलेल्या लाखो स्त्रिया, मुले आणि म्हाताऱ्यांसाठी अन्नाची, पाण्याची, निवाऱ्याची व्यवस्था नव्हती. उपासमार, देवी, हगवण आणि तापांनी माणसे मेली. मृतांचा आकडा अभ्यासकांनी निरनिराळा दिला आहे; सावध अंदाजही लाखापेक्षा कमी नाहीत. १८८७च्या जनगणनेत क्यूबाची लोकसंख्या १६,३१,६८७ होती. १८९९च्या जनगणनेत ती १५,७२,७९७ भरली. बारा वर्षांत जिथे भर पडायला हवी होती, तिथे जवळपास एकोणसाठ हजार माणसे कमी भरली. हे दोन आकडे आपल्या पुस्तकातील त्या वाक्याशेजारी छापले, तर विद्यार्थी आपोआप थांबून विचार करील.

विसाव्या शतकातील छळछावण्यांचे प्रकरण आपण बोअर युद्धापासून आरंभता. त्याआधी चार वर्षे, कोंडण्याचे हेच तंत्र आणि ‘कॉन्सन्ट्रेशन’ हाच शब्द क्यूबात वापरला गेला होता. एवढ्या मोठ्या मानवी संहाराला पाचशे पानांच्या ग्रंथात अर्धा परिच्छेद मिळत नाही, आणि ‘मेन’ नौकेच्या स्फोटाला नकाशासह एक पान मिळते. त्या स्फोटात अडीचशेहून अधिक नाविक मेले, त्याचे दुःख मला आहेच. पण कुणाचे मरण इतिहासात मोजायचे, हे ठरवताना हा तराजू कुणाकडून आणला, असे मी आपणांस विचारते.

सहावी तक्रार १८९८ च्या लढाईविषयी आणि तिच्या नावाविषयी. ‘स्पॅनिश-अमेरिकन युद्ध’ या नावात क्यूबा नाही. युद्ध तिच्या भूमीवर झाले आणि तिच्यासाठी झाले असे सांगतात, तरी नाही. अमेरिकेच्या भर पडण्याने स्पेनचा पराभव लवकर झाला, हे मी मान्य करते. ३ जुलैच्या नाविक लढाईत स्पेनचा ताफा नष्ट झाला, ते क्यूबन सैन्याला शक्य नव्हते. परंतु २२ जूनला अमेरिकी सैन्य दाइकिरीला उतरले, ते दोन दिवस आधी क्यूबन सेनानी कालिक्स्तो गार्सिया यांच्याशी झालेल्या मसलतीनुसार. किनारा मोकळा करणे, वाटा दाखवणे, ओल्गीनकडील स्पॅनिश फौज अडवून धरणे ही कामे माम्बींनी केली. १७ जुलैला सान्तियागो शरण आले, तेव्हा सूडाची भीती पुढे करून याच क्यूबन सैन्याला शहरात पाऊल ठेवू दिले गेले नाही, आणि स्पॅनिश अधिकारी मात्र आपापल्या खुर्च्यांवर राहिले. गार्सिया यांनी अमेरिकी सेनापती शॅफ्टर यांना पत्र लिहिले. आमचे सैन्य गरीब आणि फाटके आहे, तुमच्या पूर्वजांचे स्वातंत्र्ययुद्धातील सैन्यही तसेच होते, आणि आम्हांलाही आमच्या ध्येयाची चाड आहे, अशा आशयाचे ते पत्र लिहून त्यांनी राजीनामा दिला. माझ्या मते त्या युद्धातील सर्वांत मानी कागद तो आहे.

पुढे १० डिसेंबर १८९८ रोजी पॅरिसचा तह झाला. मेजावर एकही क्यूबन नव्हता. १ जानेवारी १८९९ रोजी हवानात स्पेनचा ध्वज उतरला आणि अमेरिकेचा चढला. मुक्तिसेना विसर्जित झाली. सैनिकांच्या हाती प्रत्येकी पंचाहत्तर डॉलर ठेवण्यात आले.

सातवी तक्रार ‘स्वातंत्र्य’ या शब्दाच्या वापराविषयी. १९०१ मध्ये क्यूबाच्या घटना परिषदेपुढे अमेरिकेने प्लॅट दुरुस्ती ठेवली. तिच्याप्रमाणे क्यूबात हस्तक्षेप करण्याचा हक्क अमेरिकेला मिळत होता, परराष्ट्रांशी करार करण्यावर बंधने येत होती आणि नाविक तळांसाठी जमीन द्यावी लागणार होती. मासेओंच्याच वर्णाचे, मार्तींचे सहकारी हुआन गुआल्बेर्तो गोमेस यांनी तिला कडाडून विरोध केला. ती मान्य केल्याशिवाय अमेरिकी लष्कर क्यूबातून हलणार नाही, हे स्पष्ट असताना १२ जून १९०१ रोजी ती सोळा विरुद्ध अकरा मतांनी संमत झाली. २० मे १९०२ रोजी प्रजासत्ताक अस्तित्वात आले, १९०६ मध्ये अमेरिकी अंमल पुन्हा आला तो १९०९ पर्यंत राहिला, आणि प्लॅट दुरुस्ती १९३४ मध्ये रद्द झाली. ग्वान्तानामोचा तळ अद्याप अमेरिकेकडेच आहे. हे सगळे माहीत असलेला लेखक ‘मिळवून दिले’ हे क्रियापद कसे वापरू शकतो, ते मला समजत नाही.

माझ्या मागण्या पुढीलप्रमाणे आहेत.

‘अमेरिकेने क्यूबाला स्वातंत्र्य मिळवून दिले’ हे आणि या अर्थाचे प्रत्येक वाक्य पुढील आवृत्तीतून काढावे. चालू आवृत्तीच्या शिल्लक प्रतींत दुरुस्तीची चिठ्ठी चिकटवावी.

युद्धाचे नाव ‘स्पॅनिश-क्यूबन-अमेरिकन युद्ध’ असे द्यावे. जुने नाव रूढ आहे, एवढी नोंद हवी तर सोबत ठेवावी.

१८६८, १८७८, १८९५ आणि १९०१ ही चार वर्षे कालपटात घालावीत. सेस्पेदेस, मासेओ, गोमेस, मार्ती, गार्सिया आणि मारियाना ग्राहालेस यांची नावे मजकुरात यावीत, चौकटीत नव्हेत, आणि ती इंग्रजी वळणाने न लिहिता स्पॅनिश उच्चाराप्रमाणे लिहावीत.

वेयलर यांच्या फर्मानाला आणि त्यातील मृत्यूंना स्वतंत्र परिच्छेद द्यावा.

सराव प्रश्नसंचांतील ‘कोणामुळे मिळाले’ हा प्रश्न रद्द करावा. तोपर्यंत ‘क्यूबन मुक्तिसेना’ असे उत्तर लिहिणाऱ्या कोणत्याही विद्यार्थ्याचे गुण कापू नयेत. बाकीच्या मागण्यांना आवृत्तीची वाट पाहावी लागेल हे मला समजते. या मागणीला वाट पाहण्याचे काही कारण नाही.

आपल्यापैकी कोणाला नवा मजकूर लिहायला हवा असेल, तर माझ्याकडील टाचणे, कालपट आणि स्पॅनिशमधून मी केलेली भाषांतरे विनामोबदला देण्यास मी तयार आहे. माझे नाव कुठे छापले जावे, अशी अपेक्षा नाही. पुढील आवृत्ती छापखान्यात जाण्यापूर्वी आपण होय किंवा नाही असे जाहीर उत्तर द्यावे आणि नाही म्हणायचे असेल तर त्याची कारणे लेखी द्यावीत. ती मी माझ्या आजी-माजी विद्यार्थ्यांना वाचून दाखवीन.

आपली नम्र,
एक निवृत्त इतिहास शिक्षिका,
बीड जिल्हा